रिकाम्या जागेचे राखणदार

श्री. एगॉन विल्म्स यांची आणि माझी ओळख इथल्या अवोन्डेल उपनगराच्या रविवारच्या बाजारात झाली आणि ती भांडणाने झाली, हे या गौरवग्रंथात नोंदवलेच पाहिजे. टॅरोची अळकुड्यांसारखी मुळे, कोथिंबिरीच्या जुड्या आणि जँडल्सचे, म्हणजे रबरी चपलांचे, ढीग यांच्या मधोमध एक उंच, हडकुळे गृहस्थ दुरुस्त केलेले जुने ॲम्प्लिफायर मांडून बसले होते. केस पांढरे, कानात सेफ्टी पिना, अंगात वेल्डिंगच्या ठिणग्यांनी भोके पडलेले जाकीट. त्यांच्या टेपवर कोणीतरी जर्मन भाषेत किंचाळत होते. माझ्याबरोबर आमच्या ढोल पथकाचा संस्थापक मंदार गोरे होता. हेन्डरसनमधल्या एका शाळेच्या कार पार्कमध्ये आमचा सराव चाले. शेजाऱ्यांनी तक्रारी केल्या, कौन्सिलचा माणूस येऊन ताकीद देऊन गेला, आणि जागा मिळाली नाही तर पथक बंद पडणार होते. या गृहस्थांकडे एक मोठी खोली पडून आहे असे मंदारच्या कानावर आले होते. इथल्या मराठी मंडळातला बोलका म्हातारा म्हणून त्याने मला सोबत घेतले.

मी बोललो, आणि बोलायला नको ते बोललो. "आधी हा गोंगाट बंद करा, मग कामाचं बोलू."

त्यांनी शांतपणे टेप बंद केला. "हा माझाच आवाज आहे," ते म्हणाले. घशात खडी अडकल्यासारखा तो आवाज होता. "आणि तुमचे शेजारी तुमच्या ढोलाबद्दल कोणता शब्द वापरतात?"

मंदार खो-खो हसला. "सर, वन-निल! आता तुम्ही गप्प बसा, मी बोलतो."

त्यांनी मंदारला गाडीतून ढोल आणायला लावला आणि एक ठोका मारायला सांगितले. ठोका पडला. आख्खा बाजार वळून पाहू लागला. एगॉनराव मात्र ढोलाकडे पाहतच नव्हते. त्यांनी माझे मनगट धरून माझा तळहात एका ॲम्प्लिफायरच्या जाळीवर ठेवला. त्याला वीज नव्हती, वायर गुंडाळून ठेवलेली होती. तरी ती जाळी एखाद्या जनावराच्या पाठीसारखी थरथरत होती. "बंद आहे," ते म्हणाले, "पण ऐकतोय." मग मंदारकडे वळून: "जागा आहे. भाडं नको. स्वीट ॲझ." इथल्या बोलीत याचा अर्थ, झकास.

मी जन्मभर पुण्यात इतिहास शिकवला आणि भूत, भानामती, अंगात येणे यांच्याविरुद्ध व्यासपीठे गाजवली. निवृत्तीनंतर मुलाकडे हेन्डरसनला आलो तेव्हा माझी मते मी सामानात बांधूनच आणली होती, आणि ती आजही शाबूत आहेत. पुढे जे लिहीत आहे ते वाचताना वाचकांनी एवढे ध्यानात ठेवावे.

एगॉनरावांची जागा म्हणजे हेन्डरसनच्या डोंगराच्या बाजूला असलेले सफरचंदांचे जुने शीतगृह. भिंती हातभर जाड, आतून बुचाच्या लाकडाने मढवलेल्या. खिडकी एकही नाही. दार लोटले की बाहेरचे जग सुरीने कापल्यासारखे तुटते. आत मी सवयीने खणखणीत आवाजात म्हणालो, "उत्तम आहे जागा!" आणि दचकलो. शब्द ओठांशीच संपला. सगळ्या सभागृहांनी माझा आवाज आजवर मला परत दिला होता. या खोलीने तो गिळला आणि वर ढेकरही दिली नाही. थोडा वेळ गप्प उभे राहिले की स्वतःचे रक्त वाहताना ऐकू येई. त्याहून थोडा वेळ उभे राहिले की वाटे, हा श्वास आपला एकट्याचा नाही.

कोपऱ्यात एक ड्रम सेट मांडलेला होता. त्यावर धुळीचा कण नव्हता. मंदारची पत्नी केतकी, जी पथकात मंदारच्या शेजारी ढोल वाजवत असे, तिने आपली पर्स सहज तिथल्या स्टुलावर ठेवली. एगॉनरावांचा आवाज रागाने चढलेला मी एवढ्याच वेळेला ऐकला.

"तिथे नको! तिथे कोणी तरी बसलंय."

केतकीने पर्स उचलली. आमच्यातले कोणी हसले नाही.

ती हकीकत त्यांनी आम्हाला पुढे हळूहळू, चहाच्या कपांमधून सांगितली. उत्तर जर्मनीच्या एका बंदरगावी जहाजांच्या गोदीत ते वेल्डर होते. गोदी बंद पडली, माणसे रस्त्यावर आली, आणि तिशी गाठलेल्या या कामगाराने गिटार उचलली. पंक संगीत तेव्हा पोरासोरांचे होते. बँडमध्ये त्यांना 'आजोबा' म्हणत. 'बंद गोदी' अशा अर्थाचे बँडचे जर्मन नाव मला आजही उच्चारता येत नाही. रंगमंचावर त्यांचे नाव 'रोस्ट', म्हणजे गंज. ड्रमवर होता त्यांचा गोदीतला सोबती, उवं.

पंक म्हणजे व्यसन, नासधूस आणि बेतालपणा, असे आपल्याकडचे सुसंस्कृत लोक न ऐकताच सांगतात. मीही सांगत असे. मित्रहो, ज्यांच्या पोटावर पाय आला त्यांनी कोणत्या रागात दाद मागायची हे कोण ठरवणार? एगॉनरावांनी हिटलरचे गोडवे गाणाऱ्या टोळीला आपल्या कार्यक्रमातून हाताला धरून बाहेर काढले आणि त्यात समोरचे दोन दात गमावले. बीअरच्या जाहिरातीला गाणे द्यायचे त्यांनी नाकारले. अणुशस्त्रवाहू जहाजांना बंदर नाकारणारा एक देश पृथ्वीच्या तळाशी आहे असे ऐकल्यावर ते सगळे विकून इथे आले आणि होड्यांच्या कारखान्यात पुन्हा वेल्डिंग करू लागले. पापाटोएटोला एका गुजराती डेअरीवाल्याच्या, म्हणजे इथल्या भाषेत कोपऱ्यावरच्या किराणावाल्याच्या, दुकानावर दरोडा पडला. त्याची बायको काउंटरवर उभी राहायला घाबरू लागली, तेव्हा एगॉनराव तिथे दाराशी खुर्ची टाकून दिवसभर गिटार वाजवत बसू लागले. दरोडेखोर पुन्हा आले नाहीत. "गिऱ्हाईकसुद्धा कमीच आलं," असे तो डेअरीवाला अजून हसून सांगतो, आणि लगेच डोळे पुसतो.

पण उवंची गोष्ट. एका बेटावर त्यांचा कार्यक्रम होता. त्या किनाऱ्यावर ओहोटीला समुद्र इतका मागे जातो की बेटावरून गावापर्यंत चिखलातून चालत येता येते. तिथल्या लोकांच्या हे अंगवळणी आहे. सकाळची होडी चुकली म्हणून बँड चालत निघाला. वाटेत धुके आले. उवंला चालताना ड्रमच्या काठ्या एकमेकींवर वाजवायची सवय होती. टक, टक, टक. तो आवाज धरून बाकीचे चालत राहिले. आवाज आधी पुढून येत होता. मग डावीकडून. मग एकाएकी मागून, म्हणजे जिथून ते निघाले होते त्या बाजूने, आणि मग समुद्राच्या बाजूने. बाकीचे किनाऱ्याला लागले. उवं लागला नाही. त्याचे शरीरही कधी मिळाले नाही.

"धुक्यात आवाज वळतो," मी म्हणालो. "त्याला शास्त्रीय कारण आहे."

"हो, आहे," ते म्हणाले. "मी ते वाचलंय. खूपदा. हेप्स ऑफ टाइम्स."

त्यानंतर बँडने दुसरा ड्रमर घेतला नाही. रंगमंचावर उवंचा सेट मांडायचा, त्याच्या काठ्या वर ठेवायच्या आणि ताल मोजायला कोणी नसताना गाणे सुरू करायचे, हा त्यांचा शिरस्ता झाला. वर्तमानपत्रांनी टर उडवली, ध्वनिमुद्रिका काढणाऱ्यांनी पाठ फिरवली, बँड विस्कटला. ती शेवटची कॅसेट मी ऐकली आहे. तिच्यात ड्रम नाहीत. पण ऐकणारा पाय हलवत राहतो, आणि मध्येच थांबून विचारतो, मी कशावर पाय हलवतोय?

आता मी त्या प्रसंगाकडे येतो, ज्यामुळे हा ग्रंथ निघाला.

आमच्या पथकाच्या वादनात एक जागा होती. सगळे ढोल, सगळे ताशे एकदम थांबत. त्या शांततेत मंदार एकटा एक ठोका मारी, आणि त्यावर बाकीचे उचलून धरत. त्या उन्हाळ्यात मंदार पश्चिमेच्या काळ्या वाळूच्या किनाऱ्यावर पोहायला गेला. पाणी आत ओढून घेणारा प्रवाह तिथे वरून दिसत नाही. टॉवेल आणि जँडल्स वाळूवर राहिले. हेलिकॉप्टर फिरले, होड्या फिरल्या. मंदार मिळाला नाही.

त्याची आई, नलूताई, मिरजेहून सहा महिन्यांसाठी मुलाकडे आल्या होत्या, त्या मुदत वाढवून इथेच राहिल्या. त्यांनी दिवस घालू दिले नाहीत. "मिळालाय का तो? नाही ना? मग कसले दिवस?" जेवायला बसताना त्या मंदारचे ताट वाढत आणि आपल्या ताटाला हात लावत नसत. तो आल्यावर जेवेन, म्हणत. केतकीने एकदा गुरुजींचा विषय काढला तेव्हा त्या म्हणाल्या, "समुद्रानं सोडलंन तर तू मारायला निघालीस त्याला?" तेव्हापासून सुनेशी अबोला. केतकी दिवसा ऑफिसला जाई आणि घरी परतल्यावर गाडीतच बसून राही. नलूताई आठवड्यागणिक वाळत चालल्या. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले, असेच चालले तर या बाईंचे काही खरे नाही.

आम्ही सगळे समजावून थकलो. मी तासभर बोललो. नलूताईंनी शेवटी एवढेच म्हटले, "तुम्ही छान बोलता हो. पण मी दाराकडे कान लावून बसलेय, तुमच्या बोलण्यात त्याची चाहूल चुकायची."

मग एगॉनराव आले. त्यांनी सांत्वन केले नाही. बूट बाहेर काढले, जमिनीवर बसले आणि केतकीला म्हणाले, "त्यांना सांग, मंदारची जागा ठेवलेली आहे. कोणालाही दिलेली नाही."

अबोला धरलेल्या सासूशी आता केतकीलाच बोलावे लागणार होते. तिने सांगितले. नलूताईंनी त्या परदेशी माणसाकडे बराच वेळ पाहिले. "कुठंय?" त्या म्हणाल्या, आणि उठून साडी सारखी करू लागल्या.

शीतगृहात ढोलांचे कडे मांडले होते. मंदारच्या जागी सफरचंदांच्या खोक्यावर त्याचा ढोल ठेवला होता, पोहायला जाण्याआधी पुढच्या सरावासाठी त्याने शेवटचा आवळून ठेवलेला, तसाच. एगॉनरावांची ताकीद होती की त्याला कोणी हात लावायचा नाही. वादन सुरू झाले. ती जागा आली. सगळे थांबले. ठोका पडला नाही. कोणी खूण केली नाही, कोणी मान हलवली नाही, आणि सगळ्यांनी एका क्षणी उचलले. मला वाजवता येत नाही, पण ऐकू येते. एवढ्या माणसांनी न मोजता एकदम उचलणे मी त्याआधी ऐकले नव्हते.

वादन संपल्यावर त्या गिळणाऱ्या खोलीत एक गुणगुण उरली. मंदारचा ढोल. नलूताईंनी पुढे होऊन ढोलाच्या कातडी पानावर तळहात ठेवला. गुणगुण थांबली नाही.

"ऐकतोय," एगॉनराव म्हणाले.

एक वाद्य वाजले की शेजारचे ताणलेले वाद्य आपोआप कंप पावते. हे पदार्थविज्ञान आहे आणि मी ते तिथल्या तिथे सर्वांना सांगितले. पानावर तळहात ठेवल्यावर कंप थांबला पाहिजे, हेही पदार्थविज्ञानच आहे. ते मी सांगितले नाही.

त्या दिवशी घरी जाऊन नलूताई थोडे वरण-भात जेवल्या. मग दर शनिवारी दुपारी त्या येऊ लागल्या. आम्हाला हायसे वाटले, पण फार काळ नाही. त्या आता घरच्या दाराऐवजी ढोलाशी कान लावून बसू लागल्या होत्या. त्याच्याशी बोलू लागल्या. आणि उत्तरासाठी थांबू लागल्या.

यात आमच्या सर्वांची एक चूक होत होती. ढोल वाजवून झाला की दोऱ्या सैल कराव्या लागतात, हे पथकातल्या प्रत्येकाला ठाऊक होते. आवळलेला ढोल तसाच राहिला तर पान ओढून ओढून फाटते. एगॉनरावांना ते ठाऊक नव्हते. त्यांच्या ड्रमना तसे काही करावे लागत नाही. आणि त्यांना सांगायचे कोणी? केतकीच्या ओठांवर आले होते, पण ती गाठ मंदारच्या हातची होती. महिने गेले, इथला जून-जुलैचा हिवाळा आला. शांत बसले की त्या ढोलातून बारीक करकर ऐकू येई, जुन्या जिन्यावरून कोणी जपून उतरत असावे तशी. नलूताई म्हणत, "येतोय."

गणपतीच्या आधीच्या एका शनिवारी वादन चालू होते. ती जागा आली. सगळे थांबले. आणि त्या शांततेत, नेमका जिथे पडायचा तिथे, मंदारच्या ढोलावर ठोका पडला.

जवळ कोणी नव्हते. मी समोर होतो. मी शपथेवर सांगेन की जवळ कोणी नव्हते. पान या कडेपासून त्या कडेपर्यंत उभे फाटले होते. त्या ठोक्यावर कोणीही उचलले नाही. टिपऱ्या हातातच राहिल्या. एगॉनरावांचा चेहरा चुन्यासारखा झाला. ताणलेले कातडे केव्हा ना केव्हा फाटणारच, हे मी मनात स्वतःला सांगत होतो. केव्हा ना केव्हा. पण तेव्हाच?

नलूताई उठल्या. फाटलेल्या पानाच्या दोन्ही कडा त्यांनी बोटांनी जवळ आणून पाहिल्या. सोडून दिल्या. "वाजवलंन," त्या म्हणाल्या. "राहिलेला वाजवून टाकलान." मग कित्येक महिन्यांनी त्यांनी सुनेला हाक मारली. "केतकी, चल बाळा. गुरुजींना फोन करायचाय ना तुला?" आणि केतकीच्या खांद्यावर डोके टेकून त्या रडल्या. त्या खोलीने तो आवाज गिळला नाही, एवढेच मला आठवते.

एगॉनरावांनी दोन दिवस कोणाचा फोन घेतला नाही. त्या माउलीची शेवटची वस्तू आपल्या अडाणी नियमाने मोडली, असे त्यांनी मनाशी घेतले होते. तिसऱ्या दिवशी नलूताईच केतकीला घेऊन त्यांच्या दारात गेल्या, डब्यात पुरणपोळी घेऊन. केतकीने मला सांगितलेले संभाषण असे:

"ह्यांना विचार, का रडतायत."

"आई, ते म्हणतायत की त्यांनी ढोल तोडला. सॉरी म्हणतायत."

"म्हणावं, वेड्यासारखं बोलू नका. तुम्ही जागा धरून ठेवलीत म्हणून त्याला येऊन जाता आलं. आता आधी खा. गार होतेय. आणि किनाऱ्यावर यायचंय तुम्हाला, माझं एक काम आहे."

ते काम काय, हे आम्हाला काळ्या वाळूवर पोचल्यावर कळले. सकाळची वेळ होती, ढगाळ. मी विधींवर विश्वास ठेवत नाही. पण गेलो होतो. गुरुजींचे आटोपल्यावर नलूताई एगॉनरावांना म्हणाल्या, "मला त्याला नावाने एकदा हाक मारून निरोप द्यायचाय. पण माझा आवाज लाटांच्या पलीकडे जायचा नाही. तुम्ही मारा."

केतकीने सांगितले. एगॉनरावांना गाणे सोडून वीस वर्षे झाली होती. घशाला इजा होईल म्हणून डॉक्टरांनी ओरडायची मनाई केली होती. त्यांनी जाकीट काढून वाळूवर ठेवले. गुडघाभर पाण्यात गेले. पाय रोवले. आणि गोदीच्या भोंग्यासारखा, गंजलेला, सोललेला तो आवाज समुद्रावर गेला.

"मंदाऽऽऽर!"

ज्या आवाजाला मी भर बाजारात गोंगाट म्हटले होते, तोच हा. एवढे शुद्ध उच्चारलेले आपल्या भाषेतले नाव मी आजवर ऐकलेले नाही.

उघड्या समुद्रातून प्रतिध्वनी येत नाही. आमच्या पाठीमागे उंच कडे होते, तिथून तो आला. कारण एवढे सरळ आहे. पण ऐकताना वाटले की मागून, जमिनीच्या बाजूने, कोणी दुसराच हाक मारतो आहे. आम्ही सगळे गर्रकन मागे वळलो. मी वळलो, केतकी वळली, गुरुजी वळले, एगॉनराव पाण्यातून वळले.

नलूताई वळल्या नाहीत. त्या समुद्राकडे पाहत होत्या आणि त्यांनी एकदा मान हलवली, निघणाऱ्याला दारातून हलवतात तशी. मग म्हणाल्या, "चला. भूक लागली."

आज नलूताई मिरजेला आहेत, व्यवस्थित जेवतात, आणि दर रविवारी सुनेला फोन करून "तो जर्मन जेवला का?" असे विचारतात. पथकाचा सराव शीतगृहातच चालतो. मला दिसलेल्या आणि ऐकलेल्या प्रत्येक गोष्टीचे कारण मी देऊ शकतो, आणि एकही कारण मला पुरत नाही. माझ्या मतांत त्याने फरक पडलेला नाही. फरक पडला तो याने, की माणसाच्या दुःखाला उत्तर देण्याआधी त्याच्यासाठी जागा मोकळी ठेवावी लागते. हे मला जन्मभराच्या वाचनाने शिकवले नाही. कानात सेफ्टी पिना अडकवलेल्या एका वेल्डरने शिकवले.

एगॉनराव, आपण साठ वर्षांचे झालात. आपल्या घशाला आराम पडो, गुडघे चालत राहोत, कान तिखट राहोत. आपल्याला शंभर वर्षांचे आयुष्य लाभो, आणि ते भरल्या ताटाचे, भरल्या घराचे असो. आपण आजवर गेलेल्यांना पुष्कळ हाका मारल्यात. आता आम्ही जिवंत माणसे आपल्याला हाक मारत राहू. आपण फक्त ओ देत राहा.